टकीलाच्या गावी जायचंय? शेतापासून ग्लासपर्यंत टूर नीट कशी करायची, खास बडोदेकरांसाठी

आपल्या बडोद्यातून अमेरिकेला मुलांकडे जाणारे आई-बाबा, काका-काकू भरपूर, आणि हल्ली त्यातले बरेच जण तिथूनच मेक्सिकोची छोटी ट्रिप काढतात. कॅनकूनचा बीच सगळेच करतात. पण ग्वादालाहारा शहराजवळचं टकीला नावाचं गाव, जिथून टकीला ही दारू येते, ती ज्या झाडापासून बनते त्या निळसर अगावेची शेतं, जुन्या डिस्टिलरीची टूर, असं कुणी सुचवलं की लगेच "अगं आपण पीत नाही", "आपल्याकडे दारूबंदी, आपल्याला त्यातलं काय कळणार" सुरू होतं. मला विचाराल तर ही टूर आधी शेतीची आहे, मग कारागिरीची, आणि पिण्याची सगळ्यात शेवटी, तेही घोटभर. ज्या टूरमध्ये शेतात नेत नाहीत ती घेऊच नका, ही माझी पहिली अट. बाकी सगळं खाली सविस्तर लिहितेय.

आधी कागदपत्रं, म्हणजे तो विषय संपतो. भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा चालू व्हिसा असेल तर मेक्सिकोचा वेगळा टुरिस्ट व्हिसा लागत नाही, कॅनडा, यूके, जपान किंवा शेंगेनचा चालू व्हिसा असेल तरी चालतं. पण तो मल्टिपल एंट्रीचा आहे ना हे बघून घ्या, कारण अमेरिकेत परत शिरायचंय. आणि बरोबर येणारे मुलगा-सून एच-वन-बीवर, म्हणजे नोकरीच्या व्हिसावर असतील तर त्यांच्या पासपोर्टमधला स्टॅम्प चालू आहे का तेही तपासा, बऱ्याच जणांचा स्टॅम्प संपलेला असतो, नुसत्या कागदावर अमेरिकेत राहत असतात आणि मग मेक्सिकोची वारी अडते. नियम बदलत असतात म्हणून तिकीट काढायच्या आधी मेक्सिकन दूतावासाची माहिती एकदा वाचाच. ग्वादालाहाराला ह्यूस्टन, डॅलस, लॉस एंजेलिस, शिकागोहून थेट विमानं आहेत.

टकीला गाव ग्वादालाहाराहून साधारण ६०-६५ किलोमीटर, म्हणजे इथून भरूचला जायचं त्यापेक्षाही थोडं जवळच. जायचे तीन मार्ग. एक साधी बस, स्वस्त आणि मस्त, पण गावात उतरल्यावर शेतापर्यंत जायची सोय आपली आपण करायची. दुसरी होसे कुएर्वो कंपनीची ट्रेन, मुख्यतः शनिवार-रविवारची, एका बाजूने ट्रेन आणि दुसऱ्या बाजूने बस असा तो बेत असतो, थाटमाट छान पण ट्रेनमध्येच ग्लास हातात यायला लागतात आणि गावात पोचेपर्यंत निम्मी मंडळी ऐकण्याच्या मनःस्थितीत नसतात. तिसरी, आणि माझी आवडती, छोट्या ग्रुपची व्हॅन, आठ-दहा माणसं, एक इंग्रजी बोलणारा गाइड, सकाळी हॉटेलवरून उचलतात आणि संध्याकाळी सोडतात. गाडी भाड्याने घेऊन स्वतः चालवत जायचा विचारही करू नका, टेस्टिंगनंतर घोटभर असलं तरी चालवायचं नाही म्हणजे नाही.

वार शक्यतो मंगळवार ते शुक्रवारमधला धरा. रविवारी गावात गर्दी उसळते, पिंपाच्या आकाराच्या बस गाणी लावून फिरत असतात, मजा असते, पण कारखान्यातलं खरं काम बऱ्याच ठिकाणी बंद असतं आणि मग गाइड रिकाम्या भट्टीसमोर उभा राहून "इथे असं असं होतं" एवढंच सांगतो. सकाळचा पहिला स्लॉट घ्या. ऋतूची काळजी नको, अगावेची तोडणी वर्षभर चालते, फक्त जून ते सप्टेंबर पाऊस असतो, तो बहुतेक दुपारनंतरचा, आणि एप्रिल-मे मध्ये ऊन चांगलंच तापतं.

बुकिंग करताना मेलवर सरळ प्रश्न विचारा, लाजायचं काय त्यात. शेतात नेणार का, आणि तिथे खिमादोर म्हणजे तो अगावे तोडणारा कामगार प्रत्यक्ष तोडून दाखवणार का? भट्टी विटांची आहे का ऑटोक्लेव्ह (प्रेशर कुकरसारखी बंद टाकी) आहे का डिफ्युझर (न शिजवताच गरम पाण्याने साखर काढणारं यंत्र)? ज्या दिवशी येतोय त्या दिवशी उत्पादन चालू आहे का? टेस्टिंगमध्ये किती प्रकार, आणि सगळे शंभर टक्के अगावेचे का? ज्याचं उत्तर गोलमोल येतं, नुसतं "अनलिमिटेड मार्गारिटा, पार्टी" असं येतं, ते सोडून द्या. कुठल्या डिस्टिलरीत जायचं हे तुम्हाला काय बघायचंय त्यावर आहे. गावातली ला रोखेन्या ही होसे कुएर्वोची, त्यांना स्पेनच्या राजाचा परवाना मिळाला १७९५ मध्ये, इतिहास हवा असेल तर ती. साउझा १८७३ पासूनची. शेजारच्या अमातितान गावात एरादुराची जुनी हासिएंदा आहे, म्हणजे मोठा वाडा, अंगण, जुना कारखाना जसाच्या तसा ठेवलेला, आपल्या लोकांना ती फार आवडते. आणि दगडी चाकाने रस काढायची जुनी पद्धत बघायची असेल तर फोर्तालेसा, जागा छोटी म्हणून आधी बुक केल्याशिवाय जाऊ नका. एका दिवसात दोनच करा. तीन-चार करणारे शेवटी कुठलीच नीट बघत नाहीत.

आता शेत. इथे वेळ काढा, गाइडला घाई करू देऊ नका.

टकीलाचा ज्वालामुखी मागे उभा असतो, शांत झालेला, आणि त्याच्या उतारापासून खाली दरीपर्यंत निळ्या-राखाडी रंगाच्या सरळ रांगा. हा सगळा परिसर, जवळपास ३५ हजार हेक्टर, जुन्या कारखान्यांसकट २००६ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेला, आपल्या चांपानेर-पावागडनंतर दोनच वर्षांनी. अगावे म्हणजे आपल्याकडे शेताच्या बांधावर, रेल्वेच्या कडेला घायपात असते ना, तिच्याच कुळातलं झाड. पण टकीलासाठी एकच जात चालते, निळी अगावे, अगावे टकीलाना वेबर, बाकी कुठलीही घेतली तर त्याला टकीला म्हणता येत नाही. आणि तीही ठरलेल्या भागातलीच, म्हणजे सगळा हालिस्को प्रांत आणि ग्वानाख्वातो, मिचोआकान, नायारित, तामाउलिपास या चार प्रांतांतले काही तालुके. १९७४ पासून हा हक्क कायद्याने राखलेला आहे.

झाड तयार व्हायला साधारण ६ ते ८ वर्षं लागतात. हे वाक्य गाइड पटकन बोलून पुढे जातो, तुम्ही मात्र तिथेच थांबा आणि विचार करा, ज्वारी-कपाशी नाही ही, शेतकऱ्याने आज लावलं तर पोरगं बालवाडीतून पाचवीत जाईपर्यंत हातात पैसा नाही, आणि तेवढ्या वर्षांनी भाव काय असेल कुणालाच माहीत नाही. लागवड बियांपासून करत नाहीत, मोठ्या झाडाच्या मुळाशी पिल्लं फुटतात ती काढून लावतात. मधोमध फुलाचा उंच दांडा यायला लागला की तो कापून टाकतात, कारण दांडा वाढू दिला तर झाडाने इतकी वर्षं साठवलेली साखर त्यात जाते. त्याचा तोटा असा की फुलंच नाहीत म्हणून वटवाघळांना मकरंद नाही, बिया नाहीत, आणि सगळी झाडं एकाच रक्ताची राहून रोगाला सोपी सापडतात. मेक्सिकोचे शास्त्रज्ञ रोद्रिगो मेदेयिन यांनी काही शेतकऱ्यांना थोडी झाडं फुलू द्यायला तयार केलंय, त्या टकीलाच्या बाटल्यांवर 'बॅट फ्रेंडली' अशी खूण असते. गाइडला याबद्दल विचारा, ज्याला खरंच शेतीतलं कळतं तो खूश होऊन बोलायला लागतो.

मग खिमादोर येतो. त्याच्या हातात कोआ, म्हणजे लांब लाकडी दांड्याला गोल चपटं धारदार पातं. आधी पायाने झाडाला टेकू देतो, मग पात्याच्या वजनावरच एकेक पान मुळाशी सपकन उतरवत गोल फिरतो, पाच-सात मिनिटांत ते काटेरी झाड जाऊन आत फक्त पांढरा-हिरवा गड्डा उरतो, त्याला पिन्या म्हणतात, वजन तीस-चाळीस किलोपासून काही काही तर ऐंशी-नव्वद किलो. पातं त्याच्या बुटापासून चार बोटांवरून जात असतं आणि तो आपल्याशी बोलत असतो! तुम्हालाही कोआ हातात देतात, फोटो काढा, एक-दोन पानं कापा, पण पाय मागे ठेवा आणि लहान मुलांना लांब उभं करा. एक गोष्ट फार कमी गाइड सांगतात, कच्च्या अगावेचा रस कातडीला लागला तर भयंकर खाज सुटते, त्यात सुईसारखे बारीक स्फटिक असतात, शेतात काम करणाऱ्यांनाही हा त्रास होतो. म्हणून ताज्या तोडलेल्या गड्ड्याला उघड्या हाताने चोळत बसू नका. कपडे त्या हिशोबाने, पूर्ण पँट किंवा जाड सलवार, बंद बूट, टोपी. साडी आणि चपला नकोत, पानांच्या टोकाला जे काटे असतात ते कापडातून आरपार जातात. आणि जाताना खिमादोरला टिप द्या, वीस-पन्नास पेसोच्या नोटा सुट्ट्या ठेवा खिशात.

कारखान्यात शिरलं की आधी वास येतो, गोड, जड, गुळाच्या गुऱ्हाळाजवळून जाताना येतो त्या जातीचा. गड्डे फोडून भट्टीत वाफेवर शिजवतात, विटांच्या भट्टीत दीड-दोन दिवस, ऑटोक्लेव्हमध्ये काही तासांत होतं. शिजलेला तपकिरी तुकडा हातावर देतात, तो जरूर खा, चावून रस घ्यायचा आणि चोथा टाकायचा. ही चव जिभेवर नीट बसवून घ्या कारण पुढे टेस्टिंगला तीच शोधायची आहे. जे अजिबात पीत नाहीत त्यांनी हा तुकडा आणखी एक मागून घ्यावा, कुणी नाही म्हणत नाही.

पुढे रस काढणं, कुठे लोखंडी रोलर, कुठे ताओना म्हणजे ज्वालामुखीच्या दगडाचं प्रचंड चाक गोल फिरतं. मग टाक्यांमध्ये आंबवणं, काही दिवस चालतं, वर फेस आणि बुडबुडे, वाकून बघताना जपून, तिथे कार्बन डायऑक्साइड साठलेला असतो, तोंड आत घालायचं नाही. मग तांब्याच्या किंवा स्टीलच्या पात्रातून दोनदा ऊर्ध्वपातन. पहिल्या धारेचा आणि शेवटचा भाग बाजूला काढतात, मधलाच ठेवतात. शंभर टक्के अगावेच्या एक लिटर टकीलाला साधारण सात किलो गड्डा जातो. या खोल्यांमध्ये अल्कोहोलची वाफ असते म्हणून बरेच ठिकाणी फ्लॅश, कधी कधी फोनच बंद करायला सांगतात, ऐका त्यांचं. फरशी ओली असते, गुडघेदुखीवाल्यांनी रेलिंग धरून चालावं.

गाइडला इथे एक प्रश्न नक्की विचारा, बाहेरून काही घालता का? कायद्याने वजनाच्या एक टक्क्यापर्यंत रंगासाठी कॅरॅमल, ग्लिसरीन, ओकचा अर्क, साखरेचा पाक घालता येतो आणि त्यामुळे रंग आणि गोडवा दोन्ही फसवे असू शकतात. जे घालत नाहीत ते अभिमानाने सांगतात.

आता टेस्टिंग. माझं ठाम मत, मीठ-लिंबू आणि एका दमात शॉट हे इथे करायचंच नाही, सात वर्षं शेतात उभं राहिलेलं झाड दोन सेकंदात घशाखाली ढकलायचं म्हणजे त्या माणसांच्या कष्टाची किंमतच नाही केली. समोर सहसा तीन ग्लास येतात. ब्लांको, म्हणजे न मुरवलेली किंवा जेमतेम ठेवलेली, पाण्यासारखी स्वच्छ. रेपोसादो, लाकडी पिंपात निदान दोन महिने. आन्येखो, लहान पिंपात निदान एक वर्ष. तीन वर्षांच्या वर गेली की एक्स्ट्रा आन्येखो, हा प्रकार २००६ मध्ये आला. क्रिस्तालिनो म्हणून एक असते, मुरवून परत गाळून पांढरी केलेली, दिसायला सुंदर, मला तिच्यात फार काही सापडत नाही. सुरुवात नेहमी ब्लांकोपासून, कारण झाडाची चव तिथेच उघडी असते, लाकडाने झाकलेली नसते.

ग्लास दांडीला धरा, थोडा तिरका करून फिरवा, काचेवरून थेंब कसे उतरतात ते बघा. वास घेताना नाक एकदम आत खुपसू नका, अल्कोहोल झोंबतं आणि पुढचं काही कळत नाही. तोंड किंचित उघडं ठेवा, ग्लास नाकाच्या खाली थोडा लांब, मग हळूहळू जवळ. आधी लिंबू, मिरी, ओलं गवत असं काहीतरी येईल, मग भट्टीतला तो शिजलेला तुकडा आठवेल. मग अगदी छोटा घोट, जिभेवर सगळीकडे फिरवा, आठ-दहा सेकंद थांबा, गिळा आणि नाकाने श्वास सोडा. पहिला घोट फक्त तोंडाला सवय व्हायला असतो, त्याच्यावरून मत बनवू नका, दुसऱ्या घोटाला खरं कळायला लागतं. मधे पाणी प्या, नुसतं पाणी, भरपूर. आणखी एक युक्ती, दोन थेंब तळहातावर घेऊन चोळा आणि अल्कोहोल उडून गेल्यावर हुंगा, चांगल्या टकीलाचा शिजलेल्या अगावेचा वास हातावर मागे राहतो. नाही पिणाऱ्यांना हे फार आवडतं, त्यांना टेस्टिंगमध्ये भाग घेतल्यासारखं होतं.

डोंगराळ भागातली, म्हणजे लोस आल्तोसच्या लाल मातीतली टकीला आणि खालच्या दरीतली यात फरक असतो असं तिथले लोक सांगतात, वरची जरा गोड, फळांच्या वासाची, खालची मातकट, पालेदार. जमलं तर दोन्ही शेजारी शेजारी मागा आणि स्वतः ठरवा.

टेबलावर थुंकायचं भांडं असतं किंवा मागितलं तर मिळतं, ते वापरण्यात काहीही गैर नाही, धंद्यातले लोकही तसंच करतात. पूर्ण ग्लास संपवायची सक्ती कुणी करत नाही. आपल्याकडच्या मावश्या-काकवा "लोक काय म्हणतील" म्हणून मागे बसतात, बसू नका, पुढे या, वास घ्या, प्रश्न विचारा. "यो नो तोमो" म्हणजे मी पीत नाही, एवढं हसून म्हटलं की ते जास्वंदीचं किंवा चिंचेचं गार सरबत आणून देतात. बीपीच्या, शुगरच्या, झोपेच्या गोळ्या चालू असतील तर घोटसुद्धा नको, डॉक्टरांना निघायच्या आधी विचारा. सकाळी नीट खाऊन निघा, रिकाम्या पोटी टेस्टिंग म्हणजे दिवस वाया.

शाकाहारी लोकांचं म्हणाल तर उपाशी राहायची वेळ येत नाही पण विचारावं लागतं. केसादिया म्हणजे चीज घालून भाजलेली पोळी, निवडुंगाच्या पानांचे म्हणजे नोपालचे टाको, भाजलेलं कणीस, आवाकाडो, हे सगळं मिळतं. राजमा-बीन्सची उसळ दिसली की हात पुढे करू नका, त्यात डुकराची चरबी असू शकते, "सिन कार्ने, सिन मान्तेका" म्हणा, म्हणजे मांस नको, चरबी नको. आणि बॅगेत थेपले असतातच आपल्या.

दुपारी गावात मोकळा वेळ देतात, त्यात टकीलाचं छोटं म्युझियम बघा, चौकात बसा. रस्त्यावर प्लॅस्टिकच्या कॅनमधून स्वस्त टकीला विकणारे भेटतील, त्यांच्याकडून घेऊ नका. बाटली घ्यायचीच असेल तर लेबलवर तीन गोष्टी बघा: 'शंभर टक्के अगावे' असं लिहिलेलं, नोम (NOM) हा शब्द आणि पुढे चार आकडी नंबर म्हणजे ती कुठल्या कारखान्यात बनली ते, आणि सीआरटी (CRT) या नियामक संस्थेची खूण. शंभर टक्के लिहिलेलं नसेल तर ती मिश्र, तिच्यात ५१ टक्केच साखर अगावेची असली तरी चालते.

पण बाटली घेऊन जाणार कुठे हे आधी ठरवा. मुलाच्या अमेरिकेतल्या घरी ठेवायची असेल तर सोपं, चेक-इन बॅगेत कपड्यांत गुंडाळून, एका माणसाला एक लिटर कस्टम्समधून बिनशुल्क. भारतात विमानतळावर दोन लिटरपर्यंत सूट आहे, पण ती सूट कस्टम्सची, गुजरातची नव्हे. मुंबईला उतरून ट्रेनने बडोद्याला येताना पिशवीत बाटली असेल आणि परमिट नसेल तर तो सरळ गुन्हा आहे, मग ती गिफ्ट असो, सीलबंद असो नाहीतर ड्यूटी-फ्रीची पावती असो. अहमदाबादला उतरलात तरी तेच. "कोण बघतंय" असं म्हणणारे खूप भेटतात, साठीच्या माणसाने पोलीस स्टेशनच्या चकरा मारायच्या का याचा विचार करा आणि बाटली मुलाकडेच ठेवा.

घरी आणायला दुसरं खूप आहे. अगावेचं सिरप, सीलबंद बाटलीतलं, दशमी-पुरणपोळीवर छान लागतं. छोटे रिकामे टकीलाचे ग्लास, ज्यांना काबायितो म्हणतात, मुखवासासाठी टेबलावर ठेवता येतात. लाकडी पिंपाचे छोटे नमुने. आणि त्या ज्वालामुखीच्या परिसरात सापडणारा काळा चकचकीत ऑब्सिडियन दगड, त्याच्या माळा, पेपरवेट, सुऱ्या चौकात विकायला असतात, भाव सांगतील त्यापेक्षा थोडा कमी करून मागा. सुरी घेतलीत तर चेक-इन बॅगेत टाका, केबिनमध्ये सोडत नाहीत.